नासी गोरेंग करशील तेव्हा

तू फोनवर विचारलंस, नासी गोरेंग शाकाहारी करता येतं का, आणि येत असेल तर ऑफिसची बस रात्री आठला सोडते त्यानंतर ते होणार कसं. येतं, आणि होतंही. पण त्यातलं अर्धं काम आदल्या रात्रीचं असतं आणि थोडं रविवारचं. तेवढं आधी उरकलंस तर आयत्या वेळी कढईपाशी दहा मिनिटांहून जास्त उभं राहावं लागत नाही. फोनवर सांगितलेलं डोक्यात राहत नाही, म्हणून सगळं लिहून पाठवते. ताईलाही वाचायला दे. तिला गोडसर भात आवडत नाही, पण हा आवडेल.

हा भात मी हॉटेलात खाऊन शिकलेली नाही. तुझे काका पश्चिम जावात पुरवाकार्ताच्या बाजूला कापडगिरणीत होते. जातिलुहुरचं मोठं धरण तिथून जवळ. शेजारच्या इबू (तिकडे वडीलधाऱ्या बाईला अशीच हाक मारतात) सकाळी स्वयंपाकघरात जे करायच्या ते बघत बघत मी शिकले. जावात हा भात मुळात न्याहारीचा. रात्रीचा उरलेला भात वाटण घालून सकाळी परतायचा, बाजूला काकडीच्या चकत्या ठेवायच्या, की मुलं शाळेला जायला मोकळी. आपला फोडणीचा भात ज्या गरजेतून आला त्याच गरजेतून हाही आला. रात्री मात्र तोच भात हातगाडीवर मिळतो. गाडीवाला कढईवर झारा टकटक वाजवत गल्लीतून जातो आणि त्या आवाजाला लोक ताटल्या घेऊन बाहेर येतात.

आता शाकाहाराचं. आपल्याकडे हा भात करायला घेतात तेव्हा बहुतेक जण फक्त वजाबाकी करतात. अंडं काढलं, कोंबडी काढली, झिंगे काढले, झिंग्यांची तेरासी काढली. उरतो सोया सॉस लावलेला भात. तो फिका लागतो म्हणून शेजवान चटणी येते, मग सिमला मिरची, मग व्हिनेगर, आणि शेवटी कोणत्याही चौकातल्या गाडीवर मिळणारा राइस तयार होतो. तो चवीला चांगला असेलही, पण ज्यासाठी एवढा घाट घातला तो भात हा नव्हे. माझं सांगणं एवढंच, की जे काढशील त्याची जागा भरून काढ. ती भरायला लागणारं बरंचसं सामान आपल्याच किराण्यात आहे.

सुरुवात तांदळापासून. तू राहतेस तो मुळशी तालुका. हिंजवडी, माण, मारुंजी ही आयटी पार्क यायच्या आधी भाताची गावं. मुळशीचा आंबेमोहर नावाजलेला. जवळच वडगाव मावळच्या संशोधन केंद्राने आंबेमोहर आणि आयआर ८ यांच्या संकरातून इंद्रायणी काढला, तो १९८७ साली शेतकऱ्यांच्या हाती आला आणि आज पुण्यात घरोघरी शिजतो. हे दोन्ही तांदूळ वरणभाताला, मऊ भाताला, आजारी माणसाच्या पेजेला सोन्यासारखे. पण त्यांचा जो गुण, मऊपणा आणि जरासा चिकटपणा, तोच इथे आड येतो. कढईत घातला की गोळे होतात, गोळे फोडायला झारा दाबावा लागतो, आणि दाबला की दाणा मोडून लगदा होतो. म्हणून या भातासाठी कोलम घे. वाड्याचा कोलम मिळाला तर उत्तम. दुकानदाराकडे जुना तांदूळ माग, निदान वर्षभर ठेवलेला. जुना तांदूळ पाणी जास्त पितो आणि दाणा सुटा राहतो. बासमती नको. तो फार लांब, आणि त्याचा स्वतःचा वास वाटणाशी भांडतो. जावातला रोजचा तांदूळही बासमतीइतका लांब नसतो.

घरात इंद्रायणीच असेल आणि त्यावरच भागवायचं असेल तर भात वेळून घे. भरपूर पाणी उकळायचं, तांदूळ सोडायचा, दाणा बोटात दाबल्यावर मधे किंचित कणी लागते तेवढ्यात उतरवून चाळणीत निथळायचा. कोलम मात्र नेहमीच्या पद्धतीने चालतो, फक्त पाणी कमी. एक वाटी तांदळाला तू दोन वाट्या पाणी घालतेस, तिथे पावणेदोन घाल. मीठ घालू नकोस, पुढे सोया सॉसमधून भरपूर येणार आहे.

भात झाला की लगेच परातीत पसर. हा टप्पा चुकवू नकोस. झाकणाखाली ठेवलेला भात स्वतःच्याच वाफेने ओला होतो. पसरलेल्या भाताची वाफ निघून जाते आणि दाणा बाहेरून कोरडा होतो. पंख्याखाली ठेव, अर्ध्या तासात हाताला गार लागेल. मग डब्यात भरून फ्रीजमध्ये, रात्रभर. शिजताना दाण्यातला स्टार्च पाणी पिऊन सैल झालेला असतो, गार झाला की तो पुन्हा घट्ट बसतो. म्हणून आदल्या दिवशीचा भात कढईत मोडत नाही.

इथे थोडं कडक बोलते. आपल्या पिढ्यांनी शिळा भात ओट्यावर झाकून ठेवला आणि सकाळी खाल्ला, हे खरं. तरीही तू तसं करू नकोस. कच्च्या तांदळात बॅसिलस सेरियस नावाच्या जंतूचे बीजाणू असतात आणि ते शिजवूनही मरत नाहीत. भात कोमट राहिला की ते वाढतात, आणि त्यांनी भातात सोडलेलं एक विष नंतर कितीही कडकडीत परतलंस तरी जात नाही. एप्रिल-मे महिन्यात बंद फ्लॅटमध्ये दिवसभर काय उकाडा असतो ते तुला ठाऊक आहे. भात शिजल्यापासून तासाभरात फ्रीजमध्ये गेला पाहिजे, दुसऱ्या दिवशी संपला पाहिजे, आणि एकदा परतलेला उरला तर पुन्हा गरम करायचा नाही (फ्रीजमध्ये ठेवलेल्या डब्याचा तेवढा अपवाद, ते शेवटी सांगते). रात्री उशीर झाला, पसरत ठेवायला वेळ नाही, असं असेल त्या दिवशी वरणभात खा आणि हा बेत पुढे ढकल.

यानंतर केचाप मानिस, म्हणजे जावाचा दाट, गोड, काळा सोया सॉस. टोमॅटो केचपशी त्याचं काही नातं ठेवू नकोस. हाच या भाताचा रंग, हाच त्याची गोडी आणि कढईला लागून येणारा तो जळका-खमंग वास. बाटलीबंद मिळतो, मोठ्या दुकानांत परदेशी मालाच्या फळीवर किंवा ऑनलाइन. पण घरी इतका सोपा होतो की विकत आणायची गरज वाटत नाही. जावात त्यासाठी नारळाच्या नाहीतर ताडाच्या जातीच्या झाडांच्या रसाचा गडद गूळ वापरतात. त्याचा सख्खा भाऊ आपल्याकडे गोव्यात आहे. माडाच्या सुरेपासून केलेला काळा गूळ, म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारात मिळतो, धुरकट वासाचा. गोव्याला कुणी जाणार असेल तर हक्काने मागव. नाही जमलं तर खादी भांडारातला ताडगूळ, किंवा तुझ्याकडच्या दक्षिणी किराणा दुकानातली करुपट्टी. तेही नसेल तर कोल्हापुरी गुळातला काळसर, बिनरसायनाचा घे. पिवळाधमक गूळ नको, त्याला नुसती गोडी असते.

दोनशे मिली सोया सॉसला अडीचशे ग्रॅम किसलेला गूळ आणि अर्धी वाटी पाणी. खोलगट पातेलं घे, कारण फेस वर येतो. त्यात एक चक्रीफूल, दोन ठेचलेल्या लसणाच्या पाकळ्या, आल्याचा छोटा तुकडा. मंद आचेवर बारा-पंधरा मिनिटं. मधे मधे हलवायचं. गरम असताना तो पातळच वाटतो आणि तिथेच हात आणखी आटवायला जातो. थांब. चमच्याच्या पाठीवर थर धरला, बोटाने रेघ ओढल्यावर रेघ तशीच राहिली, की गॅस बंद. गार झाल्यावर काकवीइतका दाट होतो. गाळून काचेच्या स्वच्छ, कोरड्या बाटलीत भर. गाळायचंच, गुळात कचरा असतो. फ्रीजमध्ये महिनाभर सहज राहतो.

सोया सॉस कोणता घेतेस यावर बरंच अवलंबून आहे. बाटली उलटी करून मागचं बारीक अक्षर वाच. सोयाबीन, गहू, मीठ, पाणी एवढंच किंवा याच्या आसपास लिहिलेलं असेल तर तो आंबवून केलेला आहे. रंग, आम्ल, साखर, जलविघटित वनस्पती प्रथिनं अशी यादी लांबत गेली की ठेवून दे. आंबवलेला महाग पडतो, पण या भाताच्या पोटात दुसरं काही महागाचं नसतंच, तेव्हा इथे हात आखडता घेऊ नकोस. आणि त्यात गहू असतो हे लक्षात ठेव, घरी कुणाला गहू चालत नसेल तर.

आता तेरासी. बारीक झिंगे मीठ लावून, आंबवून, वाळवून केलेली गडद तपकिरी वडी. कोकणात सुका जवळा भाजताना ज्याच्या नाकात तो वास गेला आहे त्याला ती लगेच समजते. कच्ची असताना नाक दाबावंसं वाटतं, तेलात परतली की सगळ्या पदार्थाला एक खोली येते. ती खोली मिठाने येत नाही, तिखटानेही येत नाही. ही चव काय आहे त्याचा छडा जपानमध्ये लागला. किकुनाए इकेदा यांनी १९०८ साली कोंबू या समुद्री शेवाळातून ग्लुटामेट वेगळं काढलं. ते पिकलेल्या टोमॅटोतही असतं, आंबवलेल्या सोयाबीनमध्येही असतं. पुढे असंही कळलं की सुक्या शिताके मशरूममधलं एक द्रव्य या ग्लुटामेटच्या जोडीला आलं की चव कितीतरी पटींनी वाढते. आपल्याला कामाची गोष्ट ही, की यातलं काहीच मांसाहारी नाही.

त्यामुळे तेरासीच्या जागी मी एक वस्तू न घालता तिघांना मिळून बसवते. पहिलं, सुके शिताके मशरूम. कोरड्या तव्यावर मंद आचेवर कडक होईपर्यंत भाजायचे आणि पूड करायची. दोन माणसांना एक लहान चमचा पुरतो. शिताके नसतील तर साधे बटण मशरूम पातळ चिरून गॅलरीतल्या उन्हात कडकडीत वाळव. चव थोडी हलकी येते, पूड दुप्पट घाल. दुसरं, आंबवलेल्या सोयाबीनचं काहीतरी. पुरवाकार्तापासून थोड्या अंतरावर चिआंजुर नावाचं गाव आहे, तिथला ताउचो, म्हणजे पिवळ्या सोयाबीनचा खारट, ओलसर आंबवलेला घोळ, साऱ्या जावात प्रसिद्ध. तो इथे सहज मिळत नाही, पण जपानी मिसो मिळतो. एक लहान चमचा मिसो. तिसरं, अर्धा पिकलेला टोमॅटो, थेट गॅसवर साल काळी पडेपर्यंत भाजलेला. साल काढून टाकायची पण अगदी धुऊन नाही, थोडा काळा कण राहू दे. या तिघांतून तेरासीचा वास येणार नाही, आणि तो यावा अशी माझी इच्छाही नाही. तिची खोली मात्र येते. अजिनोमोटो घालावा का, असंही तू विचारशील. जावातले गाडीवाले तो सढळ हाताने घालतात. चिमूटभराने काही बिघडत नाही, पण हे तिघे असताना त्याची गरजही उरत नाही.

बाटलीतलं संबाल, म्हणजे तिकडची मिरचीची चटणी, आणायचं असेल तर डोळ्यात तेल घालून वाच. हिरवा ठिपका आहे का ते आधी बघ. परदेशी बाटलीवर तो वरून चिकटवलेल्या कागदावर असतो. मग घटकांत तेरासी, उडांग, एबी किंवा इकान असं काही आहे का ते तपास. पहिली तीन झिंग्यांची रूपं, चौथं मासा. 'तिराम' लिहिलेला सॉस कालवांचा. बाहेर जेवताना नुसतं शाकाहारी म्हणून भागत नाही. दिसणारे झिंगे नसले तरी वाटणात तेरासी असते, म्हणून वाटणाचंच विचारायचं.

वाटण रविवारी कर. दोघांपुरतं सांगते, तू चौपट करून ठेव. आठ सांबार कांदे, चार लसूण पाकळ्या, गरम पाण्यात भिजवलेल्या तीन ब्याडगी मिरच्या बिया काढून, तिखटाला एक-दोन लवंगी मिरच्या, चार काजू, आणि वर सांगितलेले तिघे. मोठा कांदा नको. त्याला पाणी फार सुटतं आणि वाटण तळलं न जाता शिजत राहतं. काजू कशाला, तर जावात काही घरी वाटणात केमिरी नावाचं तेलकट बी असतं, दाटपणासाठी. ते कच्चं खायचं नसतं आणि इथे मिळतही नाही. काजू ते काम चोख करतो. हिवाळ्याच्या शेवटी मंडईत ताज्या लाल मिरच्या येतात, त्या दिवसांत ब्याडगीऐवजी त्या घे, रंग फार सुरेख येतो.

इबू हे वाटण उथळ दगडी थाळीत, दगडाच्या बुटक्या वरवंट्याने रगडायच्या. ठोकायच्या नाहीत, ओढून रगडायच्या, अगदी आपण पाट्यावर वाटतो तसंच. तुझ्याकडे पाटा नाही, मिक्सर चालेल. पण पाणी घालू नकोस. चमचाभर तेल घालून थांबत थांबत फिरव, आणि लसणाचा कण बोटाला लागेल इतपत जाडसर ठेव. गुळगुळीत झालं की त्याची चटणी होते. झालेलं वाटण बर्फाच्या ट्रेमध्ये भरून फ्रीझरमध्ये ठेव. दोन मोठे खडे म्हणजे दोघांचा भात.

तुझी मैत्रीण जैन आहे, तिच्यासाठी वेगळं सांगते. कांदा, लसूण, मशरूम, आलं, गाजर सगळंच गेलं, आंबवलेलंही तिला चालतं का ते विचार. सोया सॉस चालत असेल तर केचाप लसूण-आल्याशिवाय, नुसतं चक्रीफूल घालून कर. वाटणात ब्याडगी, भाजलेले दोन टोमॅटो, काजू आणि कोथिंबिरीचे देठ. फोडणीत हिंग जरा जास्त. हा जावाचा भात राहत नाही, पण चवीचा होतो आणि तिला पाहुणी म्हणून बसवून वेगळं काही खायला घालण्यापेक्षा बरा.

टेम्पेचं मी मुद्दाम सांगते, कारण ते जावाचंच आणि शंभर टक्के शाकाहारी. सोलून शिजवलेल्या सोयाबीनवर एका बुरशीचं विरजण लावून दीड दिवस उबेत ठेवतात, मग पांढऱ्या जाळीने दाणे एकमेकांना बांधले जाऊन घट्ट वडी तयार होते. आता ते आपल्या देशातही बनतं, गोठवलेलं मिळतं. महाराष्ट्र सोयाबीन पिकवण्यात देशात पुढे, तरी आपण त्याचं तेल काढण्यापलीकडे आणि त्याच्या वड्या खाण्यापलीकडे फारसे गेलो नाही याची मला खंत वाटते. टेम्पेच्या पातळ पट्ट्या काप. लसूण, धने आणि मीठ वाटून त्याच्या पाण्यात वीस मिनिटं बुडव. निथळून, पुसून, बदामी रंगावर तळ. धने-लसणाची ही जोडी तिकडची रोजची आहे आणि आपल्या जिभेलाही परकी नाही. टेम्पे नसेल तर घट्ट टोफू, जड भांड्याखाली अर्धा तास दाबून पाणी काढलेला. पनीर घालू नकोस. दुधाची चव या भातात कुठेच बसत नाही.

भाज्या कमी घाल. मूठभर बारीक कोबी, चार-सहा फरसबीच्या शेंगा आणि अर्धं गाजर अगदी लहान चिरून, वरून कांद्याची पात. हव्या तर मोड आलेल्या मुगाची मूठ. त्याहून जास्त नको, पाणी सुटतं.

तळलेला कांदा मात्र वगळायचा नाही. सांबार कांदे पातळ, एकसारखे काप. कढईत तेल गार असतानाच कांदा घाल आणि मग मध्यम आच लाव. हळूहळू त्यातलं पाणी जातं, बुडबुडे कमी होत जातात. फिकट सोनेरी झाला की लगेच काढ, बाहेर काढल्यावरही तो रंग धरत राहतो. तपकिरी होईपर्यंत वाट पाहिलीस तर ताटलीत जाईपर्यंत कडू होईल. उरलेलं तेल जपून ठेव. त्याच तेलात भात परतायचा. नुसत्या तेलात परतलेला आणि या तेलात परतलेला भात शेजारी ठेवून चाखलास तर पुन्हा हे तेल कधी ओतून देणार नाहीस.

आता कढई. लोखंडी असेल तर उत्तम, नॉनस्टिकला एवढी आच सोसत नाही. तुझ्याकडे इंडक्शन आहे, म्हणजे सपाट बुडाचीच हवी, आणि एका वेळी एकाच माणसाचा भात. चौघांचा एकदम टाकलास तर कढई गार होते आणि भात वाफेवर शिजायला लागतो. आधी भात फ्रीजमधून काढून ओल्या हाताच्या बोटांनी मोकळा कर, झाऱ्याने नाही. सगळं सामान ओट्यावर हाताशी मांडून घे, सुरू झाल्यावर चिरायला वेळ नसतो.

कढई चांगली तापू दे. दीड मोठा चमचा कांद्याचं तेल. त्यात वाटणाचा खडा. इथे घाई करू नकोस, आच मध्यम कर आणि परतत राहा. आधी कच्च्या लसणाचा वास येईल, मग मिरचीचा ठसका, मग वाटण तेल सोडून कडेला सुटं होईल आणि त्याचा रंग विटकरी होईल. शिंका थांबल्या आणि खमंग वास आला की झालं. मग आच पूर्ण मोठी. भाज्या टाक, मिनिटभर हलव. भात टाक. खालून वर उचलून फिरव, दाबू नकोस. दोन मिनिटांत दाणे उड्या मारायला लागतात.

तेव्हा भात मधोमध गोळा कर आणि दीड चमचा केचाप भातावर न ओतता कढईच्या उघड्या, तापलेल्या कडेवर सोड. तो चरचरतो, क्षणभर फेसाळतो, गूळ करपायच्या बेतात येतो. त्याच क्षणी भात त्यावर ओढून भराभर फिरव. या भाताची सगळी खुमारी त्या चरचरण्यात आहे. मग साधा सोया सॉस अर्धा लहान चमचा, चव घेऊन, लागला तरच. फोडणीच्या भाताला आपण पाण्याचा हबका मारतो, झाकण ठेवून एक वाफ काढतो. तो हात इथे आवर. पाणी नाही, झाकण नाही. हळद, मोहरी, कढीपत्ता नाही. लिंबूही भातात पिळायचं नाही, आंबटपणासाठी बाजूला आचार आहे.

आचार म्हणजे काकडी, गाजर आणि सांबार कांद्याचे लहान तुकडे, दोन चमचे व्हिनेगर, एक चमचा साखर, चिमूटभर मीठ. हे सगळ्यात आधी करून ठेव, वीस मिनिटं मुरलं पाहिजे. दाण्याचं कूट नाही, फोडणी नाही. गोड-तिखट भाताच्या दर दोन घासांनंतर हा एक घास हवा.

वर कुरकुरीत काहीतरी लागतं. तिकडे झिंग्यांचे क्रुपुक असतात. त्यातलं पीठ टॅपिओकाचं, आणि आपला साबुदाणाही त्याच कंदाचा. म्हणून उन्हाळ्यात ताई घालते त्या साबुदाण्याच्या पापड्या याला चपखल. उपासाच्या म्हणून वेगळ्या ठेवलेल्या असतील त्यांतल्या चार मागून घे. ताटात भात, शेजारी टेम्पे, काकडी-टोमॅटोच्या चकत्या, आचार, वरून तळलेला कांदा आणि पापडी. अंडं खाणारे वर अर्धकच्चं अंडं ठेवतात. आपण त्याची नक्कल करायला जायचं नाही, टेम्पे आहे तेवढं पुरे.

डब्याला नेणार असशील तर भात सकाळीच परत, थोडा कोरडाच ठेव, ताटलीत पसरून वाफ जाऊ दे आणि मग भर. गरम भरलास तर झाकणाला पाणी धरतं. ऑफिसात पोहोचल्याबरोबर डबा पँट्रीच्या फ्रीजमध्ये, वाकडच्या पुलावर अडकणार असशील त्या दिवशी पिशवीत बर्फाची थैलीही टाक. दुपारी मायक्रोवेव्हमध्ये वाफा येईपर्यंत गरम कर, कोमट खाऊ नकोस. तळलेला कांदा आणि पापडी वेगळ्या डबीत, आचार घट्ट झाकणाच्या काचेच्या बाटलीत. स्टीलच्या डब्यात व्हिनेगर दिवसभर ठेवायचं नाही. आणि कुणी मागितलं तर भात दे, केचापची बाटली देऊ नकोस. कृती लिहून दे, ज्याची त्याने करावी.